३३ गोळ्यांचं मॅगझिन: सईला पत्र

कोलंबस, ओहायो

चि. सई,


तुझा निरोप आणि फोटो, दोन्ही मिळाले. ग्रीन कार्ड हातात पडल्या पडल्या पिस्तूल घेणारी आपल्या घरातली तू पहिलीच. तुझ्या आईला अजून कळवलेलं नाहीस हे तुझ्या लिहिण्यावरूनच ओळखलं. मी मध्ये पडणार नाही, तुमचं तुम्ही बघा. ग्लॉक १७ घेतलंस ते चांगलं केलंस. साधं, दणकट पिस्तूल आहे आणि सुटे भाग कुठेही मिळतात.

आता तुझा प्रश्न. ऑफिसमधला मित्र म्हणतो की बाहेरच्या कंपनीचं ३३ गोळ्यांचं मॅगझिन स्वस्तात मिळतंय, टेक्ससमध्ये त्यावर बंदीही नाही, मग घ्यायला काय हरकत आहे? माझं मत विचारशील तर घेऊ नकोस. मनाई करायची म्हणून करत नाही, कारणं सांगतो. पटली नाहीत तर घे, पैसे तुझे आहेत.

मॅगझिन म्हणजे दिसायला नुसता डबा, पण पिस्तुलात सगळ्यात आधी रुसतं ते हेच. तुझ्याकडचं एक रिकामं करून बघ. आत गोळ्या दोन रांगांत, एकीच्या खांद्याला दुसरी लावून बसतात आणि वर येता येता त्यांची एकच रांग होते. खाली स्प्रिंग, तिच्या डोक्यावर गोळ्यांना वर ढकलणारा प्लास्टिकचा फॉलोअर, आणि तोंडाशी आत वळलेल्या दोन कडा. त्या कडा वरची गोळी धरून ठेवतात. बार उडाला की स्लाइड मागे जाऊन पुढे येते आणि येताना वरची गोळी उचलून चेंबरमध्ये ढकलते. डोळ्याची पापणी लवायच्या आत हे होतं, आणि तेवढ्या वेळात पुढची गोळी वर येऊन बसलेली असावी लागते. स्प्रिंग जराशी मंद पडली की गोळी नाक खाली करून अडकते, नाहीतर स्लाइड तिच्यावरून रिकामीच पुढे जाते.

९ मिलिमीटरची एक गोळी साधारण १२ ग्रॅमची. ३३ गोळ्या म्हणजे ४०० ग्रॅमच्या आसपास. त्या स्प्रिंगने पहिल्या गोळीला हे सगळं ओझं उचलायचं आणि शेवटच्या गोळीलाही तितक्याच तत्परतेने वर आणायचं. लांब मॅगझिन बनवणं त्यामुळेच अवघड असतं. ग्लॉक कंपनी स्वतः ३३ गोळ्यांचं मॅगझिन बनवते. तिच्या मॅगझिनमध्ये प्लास्टिकच्या आत पोलादी अस्तर असतं, म्हणून तोंडाच्या कडा सहसा फाकत नाहीत.

बाहेरच्या कंपन्यांचा सगळाच माल टाकाऊ असं मात्र समजू नकोस. इटलीची मेक-गार कंपनी कित्येक नामांकित पिस्तूल कंपन्यांना मॅगझिनं पुरवते. मॅगपुलची ग्लॉकसाठी २१ आणि २७ गोळ्यांची निघतात, तीही लोक बिनघोर वापरतात. पण तुझ्या मित्राने दाखवलेल्या मॅगझिनच्या फोटोत तोंडाशी साच्याची शिवण उठून दिसते आहे. ते बघूनच माझं मन बसलं नाही. असली भरलेली मॅगझिनं काँक्रीटवर बुडाकडून आपटली की बुडाचं झाकण सटकतं, स्प्रिंग उसळते आणि गोळ्या शेजारच्याच्या पायांपर्यंत घरंगळत जातात. रेंजवर हे दृश्य नवं नाही.

एक काम मात्र कर. तुझ्याकडे जी मॅगझिनं आहेत त्यांच्या बुडावर पांढऱ्या पेनने १, २, ३ असे आकडे घाल. पिस्तूल अडकलं की आधी आकडा बघ. दर वेळी २ नंबरच अडकत असेल तर दोष पिस्तुलाचा नाही, त्या मॅगझिनचा. स्प्रिंग बदल, किंमत किरकोळ असते. मॅगझिन भरून ठेवलं की स्प्रिंग मरते असं तुला कोणीतरी सांगेलच. चांगली स्प्रिंग नुसती दबून राहिल्याने फारशी झिजत नाही, ती झिजते पुन्हा पुन्हा भरण्या-रिकामी करण्याने.

आता नेमाचं बोलू. रिकामं ग्लॉक १७ सव्वासहाशे ग्रॅमच्या आसपास भरतं. त्याला ४०० ग्रॅम गोळ्या खालून लटकवल्या की तोल बदलतो, आणि प्रत्येक बारागणिक तो पुन्हा बदलत जातो. मुठीखाली बरंच लोंबणारं ते मॅगझिन टेबलाला आपटतं, नवशिका मग मनगट वर उचलून धरतो. पण खरं नुकसान वेगळंच आहे. हातात ३३ गोळ्या आहेत म्हटलं की माणूस एकेका गोळीचा विचार करत नाही. चाप ओढत सुटतो, कागदावर चाळण होते आणि कुठली गोळी का चुकली ते कळत नाही. ५० गोळ्यांचं खोकं दीड मॅगझिनमध्ये संपतं, तेही दोन-तीन मिनिटांत. शिवाय भरताना शेवटच्या दहा गोळ्यांना अंगठ्याची साल निघते ती वेगळीच. (गोळ्या भरायचा लोडर घे. मॅगझिन कितीचंही असो, लोडर हवाच.)

नेमबाजीच्या जुन्या परंपरा पाच-पाच गोळ्यांवर उभ्या आहेत, त्या उगाच नाही. आमच्या ओहायोत लेक एरीच्या काठावर कँप पेरी आहे, तिथे १९०७ पासून राष्ट्रीय सामने भरतात. तिथल्या पिस्तुलाच्या सामन्यात ५० यार्डांवरून १० मिनिटांत १० गोळ्या संथपणे झाडायच्या. मग २५ यार्डांवर २० सेकंदांत ५, आणि पुढे १० सेकंदांत ५. ऑलिंपिकमधल्या महिलांच्या २५ मीटर पिस्तुलातही तेच. पहिल्या टप्प्यात पाच-पाच गोळ्यांच्या सहा फेऱ्या, प्रत्येकीला पाच मिनिटं. दुसऱ्या टप्प्यात निशाण ३ सेकंद दिसतं, ७ सेकंद लपतं, आणि त्या ३ सेकंदांत एकच गोळी. आपल्या कोल्हापूरच्या राही सरनोबतने याच प्रकारात २०१८ ला पालेमबांगमध्ये आशियाई सुवर्ण घेतलं.

मोठी मॅगझिनं शोभतात ती यूएसपीएसए या इथल्या नेमबाजी संघटनेच्या धावत्या सामन्यांत. तिथेही मोकळीक नाही. लिमिटेड गटात मॅगझिनची लांबी १४१.२५ मिलिमीटरपर्यंत आणि ओपन गटात १७१.२५ पर्यंतच चालते, पंच मापाला लावून बघतात. तुझ्या मित्राचं ३३ चं तिथेही बसणार नाही. म्हणजे सामन्याला उपयोग नाही, सरावाला अपाय. राहिली ती मजा. मजेला माझा विरोध नाही, पण त्या पैशांत गोळ्यांची किती खोकी येतील त्याचा हिशेब कर. आणि मॅगझिन बदलणं हेसुद्धा एक कसब आहे. दहा-दहा गोळ्या भर, नजर निशाणावरून न काढता बदलायला शीक.

कायद्याचं थोडं नीट वाच, कारण तुम्ही मुलं सारखी या राज्यातून त्या राज्यात जाता. १९९४ ते २००४ अशी दहा वर्षं १० पेक्षा जास्त गोळ्यांची नवी मॅगझिनं देशभर सामान्य ग्राहकाला बंद होती. ती मुदत संपली आणि आता राज्यागणिक नियम आहे. टेक्ससमध्ये मर्यादा नाही. कोलोरॅडोत १५, न्यूयॉर्क, कॅलिफोर्निया आणि न्यू जर्सीत १०. ओहायोतही एके काळी ३१ पेक्षा जास्त गोळ्या एका दमात झाडता येतील असं पिस्तूल कायद्याने स्वयंचलित शस्त्रांत मोडायचं, ते कलम २०१५ पासून गेलं. न्यू जर्सीत तुझ्या पिस्तुलासोबत आलेलं १७ गोळ्यांचं साधं मॅगझिन जवळ बाळगणं हाही फौजदारी गुन्हा आहे, दीड वर्षापर्यंत कैद होऊ शकते. पुढे नागरिकत्वाचा अर्ज करशील तेव्हा प्रत्येक अटकेची माहिती मागतात.

या मर्यादा असाव्यात का यावर इथे माणसं घसा फुटेस्तोवर भांडतात. ८ जानेवारी २०११ ला टूसॉनमध्ये एकाने ग्लॉक आणि ३३ गोळ्यांचं मॅगझिन घेऊन खासदार गॅब्रिएल गिफर्ड्स यांच्या सभेत गोळीबार केला, सहा जण गेले. तो दुसरं मॅगझिन भरू लागला तेव्हाच लोकांनी त्याला खाली पाडलं, मर्यादा हवी म्हणणारे याकडेच बोट दाखवतात. मर्यादांचे विरोधक म्हणतात की गुन्हेगार कायदा पाळत नाही आणि भुर्दंड सरळ माणसाला पडतो. तेही अगदीच खोटं नाही. मला एवढंच दिसतं की कागदी निशाणाला ३३ गोळ्या लागतात हे अजून कोणी मला पटवून दिलेलं नाही.

शेवटची गोष्ट तुझ्या रूममेटची. ती एच-१बी वर आहे ना? मग ‘नुसतं एकदा झाडून बघते’ म्हणून तिला रेंजवर नेऊ नकोस. बिगर-स्थलांतरित व्हिसावर आलेल्या माणसाला अमेरिकेच्या केंद्रीय कायद्याने बंदूकही बाळगता येत नाही आणि गोळीही. रेंजवर भाड्याने घेतलेली बंदूकसुद्धा त्यात आली. शिकारीचा वैध परवाना असला तर सूट मिळते, असे मोजकेच अपवाद आहेत. तिला खरंच हौस असेल तर आधी वकिलाला विचारू दे. तुझं पिस्तूलही घरात तिच्या हाती लागेल असं ठेवू नकोस.

दिवाळीला एडिसनला मावशीकडे गाडीने जायचं म्हणतेस, आणि एडिसन न्यू जर्सीतच येतं. पिस्तूल आणि सगळी मॅगझिनं डॅलसलाच कुलपात ठेव, आणि निघण्यापूर्वी डिकी अन् रेंजची बॅग रिकामी आहे ना, ते स्वतः हात घालून बघ.

तुझा,
मामा