काळ मोजायचा कशाने?

जमिनीवर ठेवताच तिथून काळ कसा वाहत गेला याचा नकाशा काढून देणारे यंत्र असते तर? आलापल्लीचे सागवन पाहिले की वाटते, ते आहेच. साग कोरड्या दिवसांत पाने झाडतो, वाढ थांबवतो आणि पावसाळ्यात पुन्हा वाढतो. खोडात वर्षाचे एक वलय पडते. पाऊस बरा तर बहुधा रुंद, ओढ दिली तर अरुंद. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसमविज्ञान संस्थेतील संशोधकांनी मध्य भारतातील सागाच्या वलयांवरून मागचे पाऊसमान अभ्यासले आहे. झाड पाडावेही लागत नाही. पोकळ गिरमिटाने पेन्सिलीएवढी कांडी काढली तरी पुरते.

पण त्या झाडाखाली कोण राहिले, हे वलय सांगत नाही. कायदा नेमके तेच विचारतो.

२००६ च्या वनहक्क कायद्यात आदिवासींखेरीज इतर पारंपरिक वननिवासींना, मग ते कोणत्याही जातीधर्माचे असोत, एक अट आहे : १३ डिसेंबर २००५ पूर्वीचे तीन पिढ्यांचे, म्हणजे ७५ वर्षांचे, वास्तव्य सिद्ध करा. थेट १९३० पासून! गडचिरोली जिल्हाच मुळी १९८२ चा. १९३० साली चंद्रपूरला चांदा म्हणत आणि राज्य इंग्रजांचे होते. ज्याचा आजा मोह-डिंक वेचून जगला, त्याने कोणत्या कचेरीतून कागद आणायचा? ज्याला लिहिता येत नव्हते, त्याचा काळ वाहिलाच नाही काय?

२००८ च्या नियमांना याचे भान होते. विहीर, दफनभूमी, श्रद्धास्थान, वंशावळ, दावेदाराखेरीज इतर वडीलधाऱ्यांचा नोंदवलेला जबाब, हे सारे त्यांनी पुरावे मानले. (कबरीवर नाव कोरलेले असतेच असे नाही, ती कुणाची हे गावच सांगते.) २०१२ च्या दुरुस्तीने तर विशिष्ट कागदाचाच हट्ट धरू नका, असे समित्यांना बजावले.

तोडलेल्या सागाच्या ओंडक्यावर वनखात्याचा हातोडा उमटतो, घनफळ वहीत चढते. सावलीतल्या माणसासाठी अशी वही कुणी ठेवली नाही. नोंद नसल्याचा दोष मात्र त्याच्याच माथी. हा इन्साफ आम्हाला उलटा वाटतो.

म्हातारी म्हणते, ‘विहीर आटली त्या साली नातू झाला.’ समोरचा बाबू तारीख मागतो. त्या सालचे वलय सागात कदाचित अरुंद सापडेल. पण ते शोधायला गिरमिट घेऊन तिने जायचे, की त्याने?