पाहणाऱ्याचे ऋण

दिवाळीच्या पहाटे डोंबिवलीच्या फडके रस्त्यावर किंवा ठाण्याच्या मासुंदा तलावाकाठी तरुणाईचा पूर लोटतो. नवी वस्त्रे, हास्यविनोद आणि आता तर प्रत्येक हाती कॅमेरा. बाजूला उभी असलेली वडीलधारी मंडळी तेवढ्यात निदान करून मोकळी होतात : संस्कार उरले नाहीत. दहा मिनिटांच्या पाहण्यावर एका पिढीचा निकाल! आमच्याकडेही आईबाप मुलांविषयीच्या तक्रारी घेऊन येतात. परंतु मुलाचा मित्र कोण, तो कोणते गाणे गुणगुणतो, हे विचारले तर निरुत्तर होतात. तरुणांविषयी बोलण्यापूर्वी त्यांना किती पाहिले पाहिजे, आणि पाहिल्यानंतर आपल्यावर काय बंधन येते?

आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' हा माहितीपट या संदर्भात विचारात घेण्याजोगा आहे. ठाण्याहून पूर्व द्रुतगती महामार्गाने मुंबईस जाताना घाटकोपरला रमाबाई आंबेडकर नगर लागते. ११ जुलै १९९७ रोजी तेथे डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधासाठी जमलेल्यांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळ्या झाडल्या व दहा जण मृत्युमुखी पडले. काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आपले जीवन संपविले. पटवर्धनांच्या १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये हेच घोगरे गायले होते. ओळखीचा कंठ असा थांबला म्हणून कॅमेरा त्या वस्तीत गेला आणि पुढे चौदा वर्षे फिरत राहिला. चित्रपट २०११ मध्ये पूर्ण झाला.

या दीर्घ वाटेवर त्याला पुण्याच्या कबीर कला मंचाची मुले भेटली. वस्तीत वाढलेली, डफावर जातीविरुद्ध गाणारी. शीतल साठे यांचे गाणे तर दिसतेच, पण त्यांच्या आईशीही कॅमेरा बोलतो. घाईच्या पाहण्यात आई कधीच दिसत नसते.

परंतु या मुलांना पाहणारा कॅमेरा एकटा नव्हता. २०११ मध्ये नक्षलवादी संबंधांच्या आरोपाखाली गुन्हे दाखल झाले आणि मंचाचे काही कलावंत भूमिगत झाले. दिग्दर्शकाला म्हणता आले असते, आमचे काम दाखविण्याचे, ते झाले. पटवर्धनांनी कलावंतांच्या बचाव समितीत काम केले. २ एप्रिल २०१३ रोजी शीतल साठे व सचिन माळी विधान भवनासमोर पोलिसांच्या स्वाधीन झाले. शीतल तेव्हा गरोदर होत्या. त्यांना जूनमध्ये जामीन मिळाला.

यावर आक्षेप येतोच, की अशाने तटस्थता राहत नाही. राहत नाही, हे खरे. त्या तरुणांची सर्वच मते आम्हांस मान्य आहेत असेही नव्हे. तथापि ज्यांचा चेहरा व आवाज घेऊन आपली कृती उभी राहिली, ते संकटात असताना काठावर बसून राहणे याला आम्ही तटस्थता म्हणत नाही. घेतलेले नाकारणे, एवढाच त्याचा अर्थ होईल. उरले प्रश्न आरोपांचे; ते न्यायालयाचे काम, दिग्दर्शकाचे नव्हे.

माळी, सागर गोरखे व रमेश गायचोर यांना सर्वोच्च न्यायालयाने जामीन दिला तो जानेवारी २०१७ मध्ये. गोरखे व गायचोर यांना २०२० मध्ये दुसऱ्या प्रकरणात पुन्हा अटक झाली.