वारा कोणी अडवायचा?



उन्हाळ्याच्या दुपारी समोरून वारा सुटलेला असताना सायकल चालवणे म्हणजे काय, हे नरडाण्यात कोणाला सांगायला नको. पाय फिरत राहतात, पण रस्ता काही सरत नाही. अशा वेळी दोघे सोबत असले, तर एक जण म्हणतो, "तू माझ्या मागे राहा." पुढचा वारा छातीवर घेतो आणि मागच्याला तेवढेच हलके जाते. थोड्या वेळाने मागचा पुढे येतो. यात कोणी कोणावर उपकार करत नाही. पाळी ठरलेली असते, ती दोघेही पाळतात.

आता असे समजा, की मागच्याची पाळी कधी येतच नाही. रोज एकानेच वारा अडवायचा, वर्षानुवर्षे अडवायचा, आणि वेशीपाशी आल्यावर बाजूला होऊन दुसऱ्याला पुढे जाऊ द्यायचे. हार दुसऱ्याच्या गळ्यात पडणार, नावही दुसऱ्याचेच होणार. असे जगणे हा त्याग म्हणायचा की गुलामी? आज आपण या प्रश्नाचा विचार करू या.

हा प्रश्न मनाने रचलेला नाही. रस्त्यावरच्या सायकल शर्यती हेच ज्यांच्या पोटापाण्याचे साधन आहे, अशा बहुतेक खेळाडूंचे तारुण्य याच कामात जाते.

आपल्याकडे सायकल शर्यत म्हटली की मुंबई-पुणे शर्यत आठवते आणि बोरघाटात सर्वांच्या पुढे जाणारा 'घाटाचा राजा' आठवतो. जानेवारी २०२६ मध्ये पुणे जिल्ह्यात 'पुणे ग्रँड टूर' ही अनेक टप्प्यांची आंतरराष्ट्रीय शर्यत झाली, तेव्हा परदेशांतले संघही आपल्या रस्त्यांवर धावताना दिसले. पाहणाऱ्याला वाटते, प्रत्येक जण स्वतःसाठी धावतो आहे. प्रत्यक्षात तसे नसते. १९०३ साली सुरू झालेली फ्रान्समधली 'तूर द फ्रान्स' ही या खेळातली सर्वांत मोठी शर्यत. तीन आठवडे, २१ टप्पे आणि सुमारे ३,४०० किलोमीटर. एका संघात आठ जण असतात. बहुतेक संघांत त्यांतला एक नायक असतो आणि बाकीचे त्याच्यासाठी धावतात. ते वारा अडवतात. संघाच्या मोटारीपर्यंत मागे जाऊन पाण्याच्या बाटल्या सदऱ्यात कोंबून आणतात. नायकाचे चाक पंक्चर झाले आणि मोटार जवळ नसली, तर स्वतःचे चाक काढून देतात. सपाट रस्त्यावर दुसऱ्याच्या मागे राहणाऱ्याची साधारण एक चतुर्थांश ते एक तृतीयांश शक्ती वाचते. ती वाचवलेली शक्ती घेऊन नायक शेवटच्या घाटाला ताजा पोहोचतो. तिथवर त्याला आणणारे मात्र तोपर्यंत दमून मागे पडलेले असतात.

अशा सहायकाला फ्रेंच भाषेत 'दोमेस्तिक' म्हणतात. त्याचा साधा अर्थ घरगडी. १९११ साली मॉरिस ब्रोको नावाचा खेळाडू स्वतःच्या विजयाची आशा संपल्यावर पैसे घेऊन दुसऱ्यांना मदत करू लागला. तूरचे संस्थापक आंरी देग्रांज यांना ते मुळीच रुचले नाही. प्रत्येकाने स्वतःच्या बळावर जिंकावे, असे त्यांचे मत होते. आपल्या वर्तमानपत्रात त्यांनी ब्रोकोला घरगडी म्हणून हिणवले. ब्रोको एवढा चिडला, की पुढच्याच टप्प्यात सर्वांना अर्ध्या तासाहून अधिक मागे टाकून पहिला आला. देग्रांज यांनी त्याला शर्यतीतून काढून टाकले. अंगात एवढे बळ असताना तू दुसऱ्याची चाकरी करत होतास, हाच त्याचा गुन्हा ठरला. पुढे तो शब्द मात्र टिकला. जी शिवी होती ती नोकरी झाली. आज त्या कामासाठी पगार मिळतो, एकदोन वर्षांचे करार होतात, आणि कित्येक जण दहा-बारा वर्षे असे राबून एकही मोठी शर्यत न जिंकता घरी परततात.

या खेळात एक छायाचित्र फार प्रसिद्ध आहे. १९३४ सालची गोष्ट. रने व्हिएतो हा वीस वर्षांचा फ्रेंच मुलगा पहिल्यांदाच तूरमध्ये उतरला होता. घाट चढण्यात त्याला तोड नव्हती. संघाचा नायक होता आंतोनँ मान्य. पिरेनीज पर्वतातून उतरताना मान्यचे चाक मोडले. व्हिएतोने आपले पुढचे चाक काढून त्याला दिले आणि मागून मदतीची गाडी येईपर्यंत रस्त्याकडेच्या दगडी भिंतीवर बसून राहिला. एकेक स्पर्धक समोरून निघून जात होता. छायाचित्रात तो रडताना दिसतो. दुसऱ्या दिवशी तो मान्यच्या पुढे होता. मागे नायक पुन्हा अडकला आहे हे कळल्यावर तो उलट फिरला, उतरलेला घाट परत चढला आणि पुन्हा मदत केली. मान्य शर्यत जिंकला. व्हिएतो पाचवा आला आणि घाटांसाठीचे बक्षीस त्याला मिळाले. लोक म्हणू लागले, त्याने तूर देऊन टाकली. हिशेबाने पाहिले तर शेवटी तो मान्यपेक्षा जवळजवळ एक तास मागे होता. त्या दोन दिवसांत गेलेली मिनिटे परत मिळाली असती, तरी तो जिंकला नसता. पण लोकांच्या मनात घर केले ते त्या रडणाऱ्या मुलाने. पुढे १९३९ साली तो दुसरा आला. मग महायुद्धाने ऐन उमेदीची वर्षे नेली. १९४७ साली तो शेवटच्या काही दिवसांपर्यंत सर्वांच्या पुढे होता आणि तरीही पाचवा आला. तूर त्याने कधीच जिंकली नाही.

मला त्याच्या अश्रूंविषयी बोलायचे आहे. त्याग करणारा हसतमुख असला पाहिजे, असे आपण धरून चालतो. कोणी रडत दिले, तर आपल्याला वाटते की याने मनापासून दिले नाही. हे मला पटत नाही. ज्याला आपल्या वस्तूची किंमत ठाऊक आहे, त्यालाच ती देताना दुखते. व्हिएतोने चाक दिले आणि तो रडला. दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. आणि दुसऱ्या दिवशी तो परत फिरला, म्हणजे पहिल्या दिवशीचे देणे हा केवळ गोंधळात झालेला प्रकार नव्हता.

क्रुसाच्या वाटेच्या पाचव्या स्थानापाशी आपण कुरेनेकर शिमोनाचे स्मरण करतो. तो स्वतःहून पुढे आला नव्हता. शिपायांनी त्याला धरून आणले होते. तरीही त्याने उचललेले ओझे खरेच होते आणि त्याने दिलेला आधारही खरा होता. देण्याची सुरुवात कधी कधी अशी जबरदस्तीने होते. पण ज्यांनी जबरदस्ती केली, त्यांचा दोष त्यामुळे पुसला जात नाही.

इथे तत्त्वज्ञानाची थोडी मदत घेऊ. ॲरिस्टॉटलने गुलामाला 'जिवंत हत्यार' म्हटले होते. दोन हजारांहून अधिक वर्षांनी, १७८५ साली, जर्मन तत्त्वज्ञ कांट याने नेमके याच्या उलट सांगितले. माणसाला केवळ साधन म्हणून कधीही वापरू नये, असे त्याचे म्हणणे. यातला 'केवळ' हा शब्द महत्त्वाचा आहे. आपण सारेच एकमेकांच्या उपयोगी पडतो. शेतमजूर, शिक्षक, एसटीचा चालक, सारे दुसऱ्याच्या कामी येतात. त्यात कमीपणा नाही. ज्याच्याकडून काम घेतो, तोही माणूस आहे, त्यालाही स्वतःची वाट आहे, हे विसरलो की पाप सुरू होते.

सहायकाचे जिणे त्यागाचे की गुलामीचे, हे कसे ओळखायचे? मला तीन खुणा दिसतात.

पहिली खूण : त्याला नाही म्हणता येते का? नाही म्हणायची सोय असेल, तरच हो म्हणण्याला अर्थ असतो.

दुसरी खूण : जिंकणारा त्याची आठवण ठेवतो का? तूरमध्ये जुनी प्रथा आहे, की विजेता आपल्या बक्षिसाची रक्कम सहकाऱ्यांत वाटतो. पैशांपेक्षा त्यामागची कबुली मोठी आहे. हार माझ्या गळ्यात असला तरी वारा तुम्ही अडवला, हे तो सर्वांसमोर मान्य करतो. पाळी वाटून घेतली तर हे अधिकच सोपे होते. आपल्या नाशिकचे डॉ. हितेंद्र आणि डॉ. महेंद्र महाजन हे भाऊ २०१५ साली 'रेस अक्रॉस अमेरिका' ही सुमारे ४,८०० किलोमीटरची शर्यत दोघांचा संघ म्हणून धावले आणि नऊ दिवसांच्या आत त्यांनी ती पूर्ण केली. एक सायकलवर, दुसरा विश्रांतीला, असे आळीपाळीने. ते व्यावसायिक खेळाडू नव्हेत, वैद्यकीय व्यवसाय सांभाळून धावणारे. शर्यत पूर्ण झाली तेव्हा एकाचे किती आणि दुसऱ्याचे किती, असे कोणी मोजत बसले नाही. दोघांचे नाव झाले.

तिसरी खूण सर्वांत महत्त्वाची : त्याच्याकडून काय मागितले जाते? चाक मागता येते. घाम मागता येतो. विजयही मागता येतो. पण सदसद्विवेकबुद्धी मागता येत नाही, आणि कोणी मागितली तरी ती देता येत नाही.

क्रिस्तोफ बासॉन्स हा असाच एक साधा फ्रेंच सायकलपटू. १९९८ साली त्याच्या 'फेस्टिना' संघात औषधे घेऊन धावण्याचा मोठा प्रकार उघडकीस आला. हा त्यात सामील नव्हता, असे त्याच्या सहकाऱ्यांनीच सांगितले. १९९९ च्या तूरमध्ये तो दुसऱ्या संघातून धावला आणि औषधांशिवाय एवढा वेग शक्य नाही, असे वर्तमानपत्रातून उघड बोलला. पिवळा सदरा घातलेल्या लान्स आर्मस्ट्राँगने धावत्या शर्यतीत त्याला गाठून निघून जायला सांगितले. बाकीचे खेळाडू त्याच्याशी बोलेनासे झाले. तो शर्यत अर्ध्यावर सोडून घरी गेला आणि २००१ साली त्याने खेळच सोडला. तेव्हा सर्वांनी त्याला संघद्रोही ठरवले.

आर्मस्ट्राँगने १९९९ ते २००५ अशी सलग सात वर्षे तूर जिंकली. २०१२ साली सातही विजेतेपदे त्याच्याकडून काढून घेतली गेली. त्याच्या अकरा माजी सहकाऱ्यांनी साक्ष दिली. ते त्याच्यासाठी वारा अडवणारे लोक होते. त्यांच्यापैकी कित्येकांनी स्वतःही औषधे घेतली होती. आपल्या नायकासाठी त्यांनी फार दिले, पण जे द्यायचे नसते तेही दिले. बासॉन्सच्या वागण्याचा अर्थ एवढाच होता, की माझे पाय तुमचे आहेत, पण खोटे बोलायला माझे तोंड मिळणार नाही. निष्ठा आणि लाचारी यांच्यामधली रेघ मला इथे स्पष्ट दिसते.

बंधू-भगिनींनो, आपल्यापैकी कोणी फ्रान्सला शर्यतीला जाणार नाही. पण असा वारा अडवणारा माणूस आपल्या बहुतेक घरांत आहे. थोरला भाऊ दहावीनंतर शाळा सोडून सुरतेला कामाला गेला, म्हणून धाकटा इंजिनिअर झाला. बहिणीने घर सांभाळले, म्हणून भावांना अभ्यासाला वेळ मिळाला. आईने कापूस वेचून फीचे पैसे उभे केले. पेढे वाटताना नाव धाकट्याचे घेतले जाते, आणि ते घ्यावेच, कारण मेहनत त्यानेही केलेली असते. पण त्या तीन खुणा आपल्या घराला लावून पाहा. बहिणीला कोणी विचारले होते का, की तुला शिकायचे आहे का? भावाच्या घामाची कबुली कोणी चारचौघांत दिली का? आणि घराच्या नावासाठी कोणाकडून खोटी सही, खोटी साक्ष, गप्प बसणे, असे काही मागितले तर गेले नाही ना?

जे अजून वारा अडवत आहेत, त्यांना मला सांगायचे आहे, की तुमचे काम कमी दर्जाचे नाही. ते करताना डोळ्यांत पाणी आले, तर त्याची लाज वाटू देऊ नका. मात्र ज्याने मन मळते, ते कोणी कितीही प्रेमाने मागितले तरी देऊ नका. आणि जे पुढे पोहोचले आहेत, त्यांनी एकदा मागे वळून पाहावे. त्या भावाला आज फोन करता येईल. त्या बहिणीच्या मुलीची फी भरता येईल. तिची पाळी हुकली असेल, पण तिच्या मुलीची अजून हुकलेली नाही.

आपला,
फादर