कशाचे तीस टक्के?

हृदयविकाराचा झटका येऊन गेलेल्या माणसाला भेटायला येणारे हल्ली बहुधा एकाच प्रश्नाने प्रकृतीची चौकशी करतात: ‘पंपिंग किती आहे?’ पूर्वी झोप, भूक, दम, पायांवरची सूज यांची विचारपूस होत असे. आता टू-डी इकोच्या अहवालातला एक आकडा पुरेसा वाटतो. फोनवरून तो गावोगाव पोहोचतो आणि रुग्ण घरी परतण्यापूर्वीच त्याच्या उरलेल्या आयुष्याविषयी आप्तांचे मत तयार झालेले असते.

माझ्या थोरल्या बंधूंचा आकडा ३० होता. छातीत दुखू लागल्यापासून रुग्णालयात पोहोचेपर्यंत रात्र उलटली होती. हृदयाच्या पुढच्या भिंतीला रक्त पुरवणारी रोहिणी बंद झाली होती. ती उघडून स्टेंट बसवला, पण तोवर स्नायूचा काही भाग निकामी झालेला होता. डॉक्टरांनी हे आम्हाला बाहेर व्हरांड्यात सांगितले. दादांना सांगावे की नाही, यावर घरातल्या वडीलधाऱ्यांची बराच वेळ चर्चा चालली होती आणि तेवढ्यात दादांनी उशाशी ठेवलेली फाईल उघडून अहवाल वाचूनही टाकला होता. त्यांची सगळी नोकरी माध्यमिक शाळेत गणित शिकवण्यात गेली. संध्याकाळच्या फेरीला आलेल्या डॉक्टरांना त्यांनी शांतपणे विचारले, ‘कशाचे तीस टक्के?’

त्या प्रश्नाचे मोल मला पुढे हळूहळू कळत गेले. टक्केवारी हा अपूर्णांक असतो. त्याला अंश असतो आणि छेदही असतो. भय वाटते ते आकड्याचे, परंतु त्याचा अर्थ छेदात दडलेला असतो.

पंपिंगच्या या आकड्याची, म्हणजे इजेक्शन फ्रॅक्शनची, मांडणी तशी सरळ आहे. हृदयाची डावी जवनिका, म्हणजे शरीराला शुद्ध रक्त पाठवणारा कप्पा, पूर्ण भरतो तेव्हा त्यात समजा १२० मिलिलिटर रक्त असते. तो आकुंचन पावला की ७० मिलिलिटर बाहेर जाते आणि ५० आतच राहते. सत्तरला एकशेवीसने भागले की साधारण ५८ टक्के येतात. निरोगी माणसात हे प्रमाण ढोबळमानाने ५५ ते ७० च्या दरम्यान असते. कोणतेही निरोगी हृदय एका ठोक्यात स्वतःला रिते करत नाही. आपण मात्र हा आकडा गुणपत्रिकेसारखा वाचतो आणि शंभरातून तीस वजा करून सत्तर टक्के हृदय गेले, असे मानून बसतो. डॉक्टरांनी दादांना हेच समजावले: तिसाची तुलना शंभराशी करायची नाही, साठाशी करायची. हृदयाची शक्ती बरीच घटली आहे, हे त्यांनी लपवले नाही. पण घट किती आणि कशाच्या तुलनेत, हे नीट सांगितले. दादा त्या रात्री शांत झोपले. रुग्णापासून सत्य दडवणे हे आपल्याकडे प्रेमाचे लक्षण समजले जाते. माझ्या मते नीट समजावून सांगितलेले सत्य दडवलेल्या सत्यापेक्षा पुष्कळ कमी भीतिदायक असते.

पुढच्या एका तपासणीच्या वेळी मला इकोच्या खोलीत थांबू दिले. दादा डाव्या कुशीवर, डावा हात डोक्याखाली घेऊन निजले होते. छातीवर गार जेल लावलेले, दिवा मंद केलेला. पडद्यावर करड्या छटांमध्ये कप्पा उघडमीट करत होता आणि मायट्रल झडपेची दोन पाती हलताना दिसत होती. पुढच्या भिंतीचा टोकाकडचा भाग मात्र जवळजवळ स्तब्ध होता. शेजारचा स्नायू आत येई, तो भाग येत नसे. डॉक्टरांनी चित्र थांबवले आणि कप्प्याच्या आतल्या कडेने एकेक ठिपका ठेवत रेषा ओढली. आधी कप्पा पूर्ण भरलेला असताना, मग पूर्ण आकसलेला असताना. त्या आकृतीच्या वीस पातळ चकत्या कल्पून यंत्र घनफळ काढते. या रीतीला सिम्प्सनचे नाव आहे, हे ऐकून दादांचा चेहरा खुलला. अठराव्या शतकातल्या त्या इंग्रज गणितज्ञाचा नियम ते बी.एस्सी.ला शिकले होते.

स्वीडनमधील लुंड येथे १९५३ साली इंगे एडलर हे वैद्य आणि हेल्मुथ हेर्ट्झ हे भौतिकशास्त्रज्ञ यांनी धातूतील दोष शोधण्याचे ध्वनिलहरींचे यंत्र माणसाच्या छातीवर लावून पाहिले. छाती न उघडता धडधडणारे हृदय पाहण्याची ही इकोची विद्या तिथून वाढली. ती विलक्षण आहे. परंतु अखेर कोणाच्या तरी हाताने ओढलेल्या रेषेवर ती उभी आहे. तोच रुग्ण दोन जाणकारांनी तपासला तर आकड्यात पाचेक टक्क्यांचा फरक सहज पडू शकतो. तेव्हा ३० चे ३३ झाले म्हणून पेढे वाटू नयेत आणि ३३ चे ३० झाले म्हणून हातपाय गाळू नयेत. वैद्यकाला मात्र कुठेतरी रेषा आखावीच लागते. उदाहरणार्थ, किमान तीन महिने योग्य औषधे घेऊनही आकडा ३५ किंवा त्याखाली राहिला, तर अचानक बंद पडू शकणाऱ्या हृदयाला धक्का देऊन पुन्हा सुरू करणारे उपकरण छातीत बसवण्याचा विचार केला जातो. अशी सीमा निर्णयासाठी हवीच, पण ३४ आणि ३६ या आकड्यांची दोन हृदये निसर्गतः फारशी वेगळी नसतात.

अंश आणि छेद सुटे करून पाहिले की आणखी गोष्टी उलगडतात. मायट्रल झडप गळत असेल तर कप्प्यातून निघालेल्या रक्ताचा काही भाग पुढे न जाता मागे, फुप्फुसांच्या दिशेने परततो. तरीही अंशात तो मोजला जातो आणि आकडा चांगला दिसतो. म्हणून अशा तीव्र गळतीत ६० टक्क्यांवर आलेले पंपिंगही शल्यविशारदाला सावध करते. याउलट काहींचा स्नायू ताठर होतो. कप्पा पुरेसा भरतच नाही. भरलेल्यातले योग्य प्रमाण बाहेर जाते, आकडा ५० च्या वर राहतो, आणि माणसाला जिना चढताना धाप लागते. हृदय निकामी होत चाललेल्या रुग्णांपैकी जवळपास निम्मे या प्रकारचे असतात आणि त्यांत उतारवयाच्या, रक्तदाब, मधुमेह किंवा स्थूलता असलेल्या स्त्रिया पुष्कळ. ‘पंपिंग नॉर्मल आहे’ या एका वाक्यावर त्यांची धाप वयाच्या खात्यावर टाकली जाते. माझ्या एका आत्याच्या बाबतीत असेच घडत राहिले.

मला सर्वाधिक विचार करायला लावला तो मात्र फैलावलेल्या हृदयाने. दुबळा झालेला कप्पा कालांतराने मोठा होतो. समजा तो १२० ऐवजी २४० मिलिलिटर रक्त सामावू लागला. त्याचे ३० टक्के म्हणजे ७२ मिलिलिटर. बाहेर पडणारे रक्त निरोगी माणसाइतकेच! शरीराची मागणी पुरी व्हावी म्हणून हृदय स्वतः ताणले जाते आणि विश्रांतीच्या वेळी त्या माणसाला काहीही जाणवत नाही. पण भिंतींवरचा ताण वाढत राहतो, स्नायू आणखी झिजतो, कप्पा आणखी फैलावतो.

हे समजल्यावर मी वहिनींकडे वेगळ्या दृष्टीने पाहू लागलो. दादांच्या आजारपणात त्यांचे काम दुपटीने वाढले: औषधांच्या वेळा, मिठाशिवायचा वेगळा स्वयंपाक, रात्रीची जागरणे, येणाऱ्याजाणाऱ्यांचे चहापाणी. घर पूर्वीसारखेच चालले. घराला मिळायचे तेवढे मिळत राहिले आणि म्हणून त्या किती ताणल्या गेल्या आहेत, हे कोणी विचारले नाही. कर्तव्य पार पडते आहे एवढेच आपण पाहतो; ते कोणत्या किमतीवर पार पडते आहे, हे पाहत नाही. आपल्या समाजात अशा माणसांची स्तुती पुष्कळ होते. परंतु स्तुतीने ताण कमी होत नाही. काम वाटून घेतल्याने होतो. दादांच्या धाकट्या मुलाने सकाळच्या औषधांची आणि वजनाच्या नोंदीची जबाबदारी उचलली, तेव्हाच वहिनींना दुपारी पाठ टेकता येऊ लागली.

वैद्यकाचा इतिहासही याच दिशेने बोट दाखवतो. दुबळे हृदय जोराने आकुंचन पावावे म्हणून त्याला उत्तेजन देणारी औषधे स्वाभाविकपणे आशादायक वाटत. मिलरिनोन हे त्यांपैकी एक. गोळीच्या रूपात ते दीर्घकाळ दिल्यावर मृत्यू कमी न होता वाढले, असे १९९१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या चाचणीत दिसले. उलट हृदयाची गती आणि जोर कमी करणारी बीटा-ब्लॉकर औषधे अशा रुग्णाला देणे धोक्याचे समजले जाई. स्वीडनमधील योटेबोर्य येथे फिन वागस्टाइन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७५ साली ती काही रुग्णांना देऊन सुधारणा झाल्याचे नोंदवले, तेव्हा बहुतेकांनी विश्वास ठेवला नाही. नव्वदीच्या दशकाच्या अखेरीस मोठ्या चाचण्यांनी ते म्हणणे सिद्ध केले. थकलेल्या स्नायूला आणखी जुंपणाऱ्या औषधाने आयुष्य घटले आणि त्याला उसंत देणाऱ्या औषधाने वाढले. शिवाय काही महिन्यांच्या उसंतीनंतर आकडाही आपोआप वर चढू लागला. मधली जवळपास पंचवीस वर्षे कितीतरी रुग्ण या उपचारावाचून राहिले, ही जाणीव मला अस्वस्थ करते. तर्काला पटणारी गोष्ट अनुभवाने तपासून घेणे किती आवश्यक असते, याचा हा कठोर पुरावा आहे.

दादांना आज या रोगासाठीच्या चार गटांतली औषधे चालू आहेत. लोणचे, पापड, फरसाण घरातून गेले आहे. रोज सकाळी तोंड धुतल्यावर ते वजनकाट्यावर उभे राहतात आणि जुन्या शालेय वहीत, समास आखून, आकडा लिहितात. तीन दिवसांत वजन दोन किलोंहून अधिक वाढले तर शरीरात पाणी साठत आहे असे समजून डॉक्टरांना कळवायचे, एवढे ते पक्के जाणतात. अलीकडच्या इकोत त्यांचे पंपिंग ४२ आले. ते दोन जिने न थांबता चढतात. मला विचाराल तर माझा भरवसा त्या जिन्यांवर अधिक आहे.

ज्यांच्या घरी असा अहवाल आला असेल त्यांना माझी विनंती आहे. आकडा ऐकला की कप्प्याचा आकार किती, झडपा कशा आहेत आणि मागच्या अहवालात काय होते, हेही विचारा. जुना अहवाल जपून ठेवा. आणि आकडा सुधारला म्हणून गोळ्या आपल्या मनाने बंद करू नका. हृदय फैलावण्याच्या आजारातून पूर्ववत झालेल्या रुग्णांची औषधे ब्रिटनमधील एका अभ्यासात डॉक्टरांच्या देखरेखीखाली टप्प्याटप्प्याने थांबवण्यात आली, तेव्हा त्यांपैकी सुमारे ४० टक्के रुग्णांचा आजार सहा महिन्यांच्या आत परतला. दादांचा आजार त्याहून वेगळा आहे, तरी त्यांच्या डॉक्टरांनी त्यांना हेच बजावले आहे: आकडा वाढला तो औषधे चालू असताना वाढला आहे.