दारात कोणाला अडवायचं?

॥ श्री गुरवे नमः ॥



मागच्या रविवारी आपल्या केंद्रातले आम्ही अठरा जण सायकलवरून वडोदरा पाहायला निघालो. घरोघरी पहिला प्रश्न एकच आला. आपलंच गाव, ते पाहायला वाटाड्या कशाला हवा? प्रश्न बरोबर होता. आमच्यातल्या बऱ्याच जणांचे पणजोबा गायकवाड सरकारच्या चाकरीत इथे आले आणि इथलेच होऊन गेले. रावपुरा, दांडिया बाजार, मांडवी ही नावं आम्ही बोलायला लागण्याआधी ऐकलेली. पण तरुण मंडळींनी हट्ट धरला. जुनं शहर सायकलवरून फिरवून दाखवणारे एक गुजराती काका आहेत, त्यांच्याबरोबर जाऊच, म्हणाले. काही सायकली घरच्या, काही भाड्याच्या, अशी जमवाजमव झाली.

पहाटे सहाला मांडवीखाली जमलो. काकांनी निघण्याआधी तीन गोष्टी सांगितल्या. माझ्या पुढे कोणी जायचं नाही. सगळ्यात मागे माझा पुतण्या राहील, त्याच्या मागे कोणी राहायचं नाही. आणि ज्याचा वेग सगळ्यात कमी, तोच आपल्या सगळ्यांचा वेग. आमच्यातल्या एक सत्तरीच्या मावशी लगेच म्हणाल्या, "अहो, हे तर आपल्या महाराजांचंच सांगणं!" सगळे हसलो. पण पुढचे तीन तास त्या तीन नियमांनी आमचं बरंच काही शिकून झालं.

मांडवीला उभं राहिलं की चार दिशांना चार दरवाजे. पूर्वेला पाणीगेट, पश्चिमेला लहेरीपुरा, उत्तरेला चांपानेर, दक्षिणेला गेंडीगेट. या चौकातून आम्ही आयुष्यभर स्कूटर काढल्या, पण मध्यभागी दोन मिनिटं उभं राहून चारी दरवाज्यांकडे पाहिलं ते त्या दिवशी. जवळच विठ्ठल मंदिर. कार्तिकी एकादशीला इथून देवाचा वरघोडा निघतो. बाहेरूनच हात जोडले आणि लहेरीपुऱ्याच्या दरवाज्यातून न्यायमंदिराकडे वळलो. पुढे सुरसागर, मधोमध महादेवाची उंच मूर्ती. मग रावपुऱ्यात तांबेकर वाडा. एकोणिसाव्या शतकात बडोद्याचे दिवाण असलेल्या भाऊ तांबेकरांचा हा वाडा, आत भिंतीवर कृष्णलीलेची आणि महाभारतातली चित्रं. एक ताई म्हणाल्या, "चाळीस वर्षं या गल्लीत भाजी घेते, मान वर करून कधी पाहिलं नाही."

दांडिया बाजारात अरविंद निवासापाशी काकांनी सायकली उभ्या करायला लावल्या. श्री अरविंद 1893 ते 1906 या काळात बडोद्यात संस्थानच्या सेवेत होते, कॉलेजात शिकवत होते. बडोदा सोडल्यावर ते पुन्हा एकदा इथे आले, 1908 च्या जानेवारीत. तेव्हा विष्णु भास्कर लेले नावाच्या महाराष्ट्रीय योग्यांबरोबर ते सरदार मजुमदारांच्या वाड्यात तीन दिवस ध्यानाला बसले. लेल्यांनी सांगितलेली गोष्ट साधी होती. शांत बसा. विचार आपल्या आत उगवत नाहीत, ते बाहेरून येतात. येताना त्यांच्याकडे पाहा आणि आत शिरण्याआधीच परत पाठवा. श्री अरविंदांनी तसं केलं आणि तीन दिवसांत मन निःशब्द झालं, असं त्यांनी स्वतः पुढे सांगितलं आहे.

मनाच्या दारात राखणदार बसवायचा, एवढीच ती साधना. ही गोष्ट ध्यानात ठेवा. पुढे तिचं काम आहे.

तिथून कोठीवरून कीर्तिमंदिराकडे. आत नंदलाल बोसांनी रंगवलेल्या भिंती आहेत, त्यात मीराबाईही आहे. मग विश्वामित्रीचा पूल. खाली काठावर मगर ऊन खात पडली होती. मुलांना विठ्ठल मंदिरापेक्षा मगर जास्त लक्षात राहिली, हे खरं सांगायला हरकत नाही. पलीकडे काळा घोडा आणि लगेच सयाजीबाग. आपली जुनी माणसं तिला कमाटी बागच म्हणतात.

ही बाग सयाजीरावांच्या काळात 1879 साली झाली. शंभर एकरांहून मोठी. आत संग्रहालय, प्राणीघर, फुलांचं घड्याळ, लहान मुलांची गाडी. आमच्यातल्या प्रत्येकाचं बालपण इथे गेलं आहे. कोणाला पहिलं आइस्क्रीम आठवलं, कोणाला लग्न ठरल्यावरची पहिली भेट. आम्ही आपापल्या आठवणी सांगत होतो, तेवढ्यात काकांनी शिट्टी वाजवली आणि एका जागी थांबवलं. म्हणाले, "इथे जरा वेळ गप्प बसू." ती संकल्पभूमी होती.

मग त्यांनी हळूहळू सांगितलं. 1913 साली सयाजीराव महाराजांनी शिष्यवृत्ती देऊन भीमराव आंबेडकरांना अमेरिकेला शिकायला पाठवलं. न्यूयॉर्क आणि लंडनमध्ये शिकून 1917 साली ते करारानुसार बडोद्याच्या नोकरीत रुजू व्हायला आले. एवढं शिकलेला माणूस, राजाने बोलावलेला. पण उतरायचं कुठे? हिंदू खानावळीत जागा मिळणार नाही हे त्यांना माहीत होतं. शेवटी एका पारशी सराईत वेगळं नाव लावून राहिले. मोठी, काळोखी जागा. रात्री एका कंदिलाच्या उजेडात एकटेच वाचत बसायचे. अकराव्या दिवशी काठ्या घेतलेली माणसं दारात आली आणि संध्याकाळपर्यंत निघून जा म्हणाली.

बाबासाहेबांचे गावात दोन मित्र होते. एक हिंदू, एक ख्रिस्ती. हिंदू मित्र म्हणाला, तुम्ही घरी आलात तर माझे नोकर निघून जातील. ख्रिस्ती मित्र म्हणाला, बायकोला विचारावं लागेल. दोघांनीही हाकलून दिलं नाही. दोघेही नीट बोलले. पण दार कोणीच उघडलं नाही. मुंबईची गाडी रात्री नऊची. मधले पाच तास त्यांनी या कमाटी बागेत बसून काढले. लहान मुलाला आठवावेत तसे आई-वडील आठवले, असं त्यांनी पुढे लिहून ठेवलं आहे. त्या बसण्यातून जो निश्चय झाला, त्याची आठवण म्हणून ही संकल्पभूमी.

आम्ही अठरा जण खाली मान घालून बसलो होतो. ज्या बागेत आम्ही आइस्क्रीम खाल्लं, त्याच बागेत हे घडलं होतं, आणि आमच्यापैकी बहुतेकांना ही जागा नेमकी कुठे आहे हेही माहीत नव्हतं. ज्यांना माहीत होतं, तेही इथे कधी बसले नव्हते.

आता खरी गोष्ट. बाहेर येऊन शेव-उसळ खायला थांबलो, तेव्हा आमच्यातले एक गुरुबंधू काही खाईनात. विचारलं तर म्हणाले, "वरची खोली भाड्याने द्यायची होती. महिन्यापूर्वी एक मुलगा आला होता, युनिव्हर्सिटीत शिकणारा. चांगला वाटला. भाडंही ठरलं. मग आडनाव विचारलं. आणि म्हटलं, घरात विचारून कळवतो." थोडं थांबून म्हणाले, "घरात कोणाला विचारायचंच नव्हतं."

कोणी काही बोललं नाही. कारण त्या खोलीचा निरोप याच आपल्या गटात आला होता. 'खोली देणे आहे, फक्त आपल्यातल्यांना.' आम्ही तो वाचला. हात जोडल्याच्या खुणा टाकल्या. दोघा-तिघांनी पुढे पाठवला. एकानेही विचारलं नाही, की 'आपल्यातले' म्हणजे कोण?

एक ज्येष्ठ काका नाराज झाले. म्हणाले, "अहो, घरात देवपूजा असते, मांसाहार चालत नाही, म्हणून विचारतात माणसं. त्याला जात कशाला चिकटवता?" त्यांचं म्हणणं आम्ही ऐकून घेतलं, कारण असं म्हणणारे ते एकटे नाहीत, आपल्या घराघरांत हेच ऐकू येतं. पण नीट पाहू. घरात मांसाहार चालणार नाही, असा नियम असेल तर तो दारावरच सांगता येतो, येणाऱ्या प्रत्येकाला, सारख्याच शब्दांत. त्यासाठी आडनाव लागत नाही. आडनाव विचारलं जातं तेव्हा आपण आहार विचारत नसतो. हे आपल्याला मनातून कळत असतं, म्हणून तर आपण 'नाही' म्हणत नाही, 'कळवतो' म्हणतो.

आता लेल्यांची ती गोष्ट आठवा. राखणदार बसवायचा तो मनाच्या दारात. मत्सर आला, अडवा. तिरस्कार आला, अडवा. माणसाला पाहून त्याची जात मोजणारा विचार आला, तर उंबऱ्यावरूनच परत पाठवा. आपण उलटं करून बसलो आहोत. मनाचं दार सताड उघडं, त्यातून वाटेल तो विचार आत येऊन गादीवर बसतो. आणि घराच्या दारात मात्र कडक पहारा, तो माणसावर! रोज सकाळी अर्धा तास ध्यान करायचं आणि दहा वाजता दारात आलेल्याला 'कळवतो' म्हणायचं, मग त्या ध्यानात नेमकं काय थांबलं?

पंढरपूरला नामदेव पायरीजवळ चोखोबांची समाधी आहे. आत जाऊ न दिलेल्या भक्ताची जागा दाराबाहेर. दर्शनाला जाताना आपण तिथे माथा टेकतो. माथा टेकणं सोपं आहे, कारण तिथे कोणी खोली मागत नाही. परीक्षा आपल्या उंबऱ्यावर होते, साध्या वारी, कोणी पाहत नसताना.

सयाजीरावांनी 1906 साली सगळ्या राज्यात प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत केलं. बाग बांधली, शिष्यवृत्ती दिली. राजाला जे करता येत होतं ते त्यांनी केलं. पण प्रजेच्या घरांची दारं राजाला उघडता येत नाहीत. सद्गुरूंचंही तसंच. ते आपल्याला योग्य जागी नेऊन थांबवतात, शिट्टी वाजवतात, बस म्हणतात. दाराची कडी आपल्यालाच काढावी लागते.

त्या गुरुबंधूंनी तिथूनच मुलाला फोन लावला. चूक झाली, खोली अजून रिकामी आहे, ये, म्हणाले. त्याला दुसरीकडे जागा मिळाली होती. "काही हरकत नाही काका," एवढंच बोलला आणि फोन ठेवला. त्या 'हरकत नाही'चं ओझं ते अजून वागवत आहेत, आणि थोडं आम्हीही. मागची वेळ परत येत नाही. पण खोलीचा नवा निरोप त्यांनी गटात टाकला आहे. भाडं, पाण्याची वेळ, स्वयंपाकाचा नियम, सगळं लिहिलं आहे. 'आपल्यातल्यांना' हा शब्द काढला आहे.

इंदूर, ग्वाल्हेर, बेळगाव, फोंडा, हैदराबाद, सगळ्या केंद्रांना एक विनंती. आपापल्या गावातही अशी एखादी जागा असेलच, जिच्यावरून आपण रोज जातो आणि थांबत नाही. माहीतगार माणूस बरोबर घ्या, सगळ्यात हळू चालणाऱ्याचा वेग धरा आणि मुलांना तिथे घेऊन जा. सायकल नसेल तर पायी जा.

या आठवड्याची साधना : ध्यानाला बसताना मनाच्या दारात पाच मिनिटं नुसते उभे राहा. कोण कोण आत येतंय ते पाहा. आणि आठवड्यात कोणी भाडेकरू, कामाला येणारी बाई, मुलाचा नवा मित्र, मुलीने घरी आणलेली मैत्रीण दारात आली, तर आडनाव विचारण्याआधी पाणी विचारा. काय घडलं ते पुढच्या सत्संगात सांगा. चुकलं असेल तर तेही सांगा.

हा निरोप घरात सगळ्यांना मोठ्याने वाचून दाखवावा.

॥ श्री सद्गुरुचरणी अर्पण ॥