गौण भूमिका आणि नावाचा हक्क

ज्यांना आपण गौण नट म्हणतो त्यांचे आपल्यावर काही ऋण आहे काय, हा प्रश्न वरवर रसिकतेचा भासतो. वस्तुतः तो न्यायाचा आहे.

नाना पळशीकर यांचेच उदाहरण घेऊ. बिमल रॉय यांच्या ‘दो बिघा जमीन’मध्ये (१९५३) बलराज साहनींच्या शंभूचा वृद्ध बाप त्यांनी उभा केला. ‘कानून’ (१९६०) आणि ‘शहर और सपना’ (१९६३) या चित्रपटांसाठी त्यांना फिल्मफेअरचे सहाय्यक अभिनेत्याचे पारितोषिक मिळाले. १९८२ च्या ‘गांधी’त ते एका खेडुताच्या भूमिकेत दिसले, आणि १९८४ साली निवर्तले. इतके असूनही त्यांचा चेहरा पाहताच ‘यांना कोठेतरी पाहिले आहे’ असे म्हणणारे पुष्कळ. नाव सांगणारे थोडे.

बी. आर. चोप्रांचा ‘कानून’ आम्हां वकिलांना विशेष जिव्हाळ्याचा. त्यात एकही गाणे नाही. आहे तो फाशीच्या शिक्षेचा विचार. सावकाराचा खून झालेला सरकारी वकील कैलास पाहतो. खुनी त्याला आपले भावी सासरे, न्यायाधीश बद्रीप्रसाद, हेच वाटतात. आरोपीच्या पिंजऱ्यात मात्र उभा राहतो चोरी करण्यास शिरलेला कालिया, म्हणजे पळशीकर. अशोककुमार न्यायाधीश, राजेंद्रकुमार वकील. जाहिरातीत नावे त्यांची. परंतु कालियाचा जीव प्रेक्षकाला मोलाचा वाटला नाही, तर कैलासाचे धर्मसंकट हा केवळ कौटुंबिक पेच उरतो. एका भुरट्या चोराचे प्राण न्यायाधीशाच्या प्रतिष्ठेइतकेच वजनदार आहेत, हे कायदा सांगतो. ते पटवून देण्याचे काम त्या ‘गौण’ नटाकडे येते.

यावर कोणी म्हणेल, प्रेक्षक नायकासाठी तिकीट काढतो; कीर्ती ही बाजारातील वस्तू आहे, तिचे समान वाटप कोणी मागितले? हा आक्षेप रास्त आहे. कीर्तीचा हक्क कोणालाच नाही, आणि ती न मिळणे म्हणजे अन्यायही नव्हे. परंतु कीर्ती वेगळी आणि नाव वेगळे. कीर्ती लोक देतात. आपण केलेले काम आपल्या नावावर नोंदले जावे, ही मागणी मात्र कोणत्याही कारागिराची असू शकते.

आपल्या कायद्यानेही हे एका मर्यादेपर्यंत मान्य केले आहे. १९५७ च्या कॉपीराइट अधिनियमात २०१२ साली कलम ३८-ब आले, आणि कलाकार म्हणून आपली ओळख नोंदवून घेण्याचा हक्क नटाला मिळाला. पण त्याच दुरुस्तीने एक परंतुकही जोडले: चित्रपटात ज्याचे काम प्रासंगिक स्वरूपाचे आहे, आणि धंद्याच्या रूढीप्रमाणे ज्याचा उल्लेख श्रेयनामावलीत होत नाही, तो या हक्कापुरता कलाकारच नव्हे. त्याच्या कामाचा विपर्यास झाला तर तो दाद मागू शकतो. नाव मागू शकत नाही.

सोय आम्ही जाणतो. गर्दीतील प्रत्येक माणसाचे नाव पडद्यावर येऊ शकत नाही. तथापि तर्काचा दोष राहतोच. नाव देत नाहीत म्हणून हक्क नाही, आणि हक्क नाही म्हणून नाव देत नाहीत, असे हे वर्तुळ आहे. ज्या रूढीविरुद्ध संरक्षण हवे, तीच रूढी संरक्षणाची कसोटी ठरली आहे. पळशीकरांचे नाव श्रेयनामावलीत येई. त्यांच्याही मागे, एखादे वाक्य बोलून जाणारा शिपाई वा साक्षीदार उभा असतो. परंतुकाचा आघात त्याच्यावर आहे. ज्याला संवाद दिला त्याला नावही द्यावे, इतकी साधी कसोटी विधिमंडळाला अशक्य नव्हती.

राहिला आपला वाटा. कृतज्ञता कोणत्याही न्यायालयात वसूल करता येत नाही, म्हणून ती ऐच्छिक ठरत नाही. किंबहुना हुकूमनाम्यावाचून पाळायची म्हणूनच ती नैतिक. ओळखीच्या चेहऱ्याचे नाव विचारून घ्यावे, आणि मुलांना नायकाच्या नावाबरोबर तेही सांगावे. यात खर्च काही नाही. ऋण मात्र थोडे फिटते.