खरी भिंत, खोटी भिंत

दिवाळी जवळ आली की आमच्या वाड्यातली पोरे किल्ला करायला लागतात. दगडविटा रचायच्या, त्यांवर चिखलात भिजवलेले गोणपाट टाकायचे, उतारावर अळीव पेरायचे, की चार दिवसांत सह्याद्री हिरवागार! हा किल्ला खोटा आहे, अशी तक्रार करणारा माणूस मला अजून भेटलेला नाही. पण चित्रपटातले घर स्टुडिओत उभारलेले होते असे कळले, की तोच माणूस हिरमुसतो. आपल्याला कोणी तरी फसवले, असे त्याला वाटते.

खरेच का ही फसवणूक?

बन्सी चंद्रगुप्त यांचेच पाहा ना. जन्म १९२४ चा, सियालकोटचा; वाढले काश्मीरात. चित्रकार व्हायचे म्हणून कलकत्त्याला आले आणि झाले कलादिग्दर्शक. ‘पथेर पांचाली’पासून (१९५५) सत्यजित राय यांच्या कितीतरी चित्रपटांतली घरे त्यांनी उभारली. ‘अपराजितो’मधले (१९५६) काशीचे घर असेच, कलकत्त्याच्या स्टुडिओतले. काशीच्या जुन्या घरांत मधल्या चौकात वरून आभाळाचा उजेड उतरतो. त्याला ठळक सावली म्हणून नसते. स्टुडिओतल्या दिव्यांची सावली मात्र काही केल्या चुकत नाही. हे जमायचे नाही, म्हणून छायालेखक सुब्रत मित्र राय आणि बन्सी या दोघांशीही वाद घालून बसले होते. अखेर त्यांनीच चौकावर पांढरे कापड ताणले आणि दिव्यांचे झोत खालून त्या कापडावर सोडले. तिथून परतून जो उजेड खाली आला, तो काशीचा!

आता, ज्याने काशी पाहिलेलीच नाही त्या प्रेक्षकाच्या हे कुठे लक्षात येणार होते? लबाड माणूस समोरच्याला पटेल एवढेच खोटे बोलतो. त्यापुढे कष्ट घेत नाही. या मंडळींनी घेतले. म्हणून मी तरी त्याला फसवणूक म्हणणार नाही.

एका ठिकाणी मात्र माझे मन अडखळते. जयवंत दळवींच्या कादंबरीवरून निघालेल्या ‘चक्र’चे (१९८१) कलादिग्दर्शनही बन्सींचेच. त्याच वर्षी ते वारले; फिल्मफेअरचे पारितोषिक मागाहून मिळाले. हा चित्रपट मुंबईच्या झोपडपट्टीचा. चौक उभारणे वेगळे आणि दारिद्र्य उभारणे वेगळे. गंजके पत्रे हुडकून आणायचे, चांगल्या भिंतीला पैसे देऊन काजळी फासायची, हे ऐकतानाच कसेसे होते. मग खऱ्या झोपडीतच कॅमेरा न्यावा म्हणाल, तर तिथे राहणाऱ्या बाईची चूल आणि वाळत घातलेले लुगडे यांचीच सजावट होते, आणि तीही बहुधा तिला न विचारता. त्यापेक्षा खोटा पत्रा बरा. निदान कोणाचा संसार तरी मांडला जात नाही.

तरी काजळी भिंतीवर नेमकी कुठे धरते, हे कलादिग्दर्शकाला कुणाच्या तरी खऱ्या घरात उभे राहूनच पाहावे लागते. त्या घरच्या बाईने त्याला ते पाहू दिलेले असते. श्रेयनामावलीत तिचे नाव मी अजून वाचलेले नाही.